वेस्ट विंडसरमधलं ब्राझिलियन भूत

बाबांचा फोन आला तेव्हा मी ऑफिसात मीटिंगमध्ये होते. कामाच्या वेळात ते कधी फोन करत नसत, म्हणून मी बाहेर येऊन तो घेतला. हळू आवाजात म्हणाले की आपल्या कॉम्प्लेक्सच्या तळ्याकाठी एक म्हातारा माणूस मरून पडलाय, आणि इथे अशा वेळी कोणाला कळवायची पद्धत आहे? मी त्यांना नऊ-एक-एक लावायला सांगत होते, तेवढ्यात पलीकडून दुसराच एक घोगरा आवाज आला आणि बाबा गप्प झाले. मग म्हणाले, "मेलेला नाही. मला बाजूला व्हायला सांगतोय. मी त्याच्या उजेडात उभा आहे म्हणे."

त्याच संध्याकाळी तो मेलेला माणूस आमच्याकडे चहाला आला. बाबांनीच बोलावलं होतं. वय ऐंशीच्या आसपास, बुटका बांधा, पुढे आलेलं पोट, कपाळावर वळलेल्या दाट पांढऱ्या भुवया. शर्टाला कडक इस्त्री आणि पायात मात्र घरातल्या सपाता. मूळचे साओ पाउलोचे. त्यांची मुलगी तळ्यापलीकडच्या टाऊनहाउसमध्ये राहायची आणि एका डेंटिस्टकडे काम करायची. आई वारल्यावर तिने वडिलांना ब्राझीलहून इकडे आणलं होतं. तळ्याकाठी ते पालथे का पडले होते हेही त्यांनी समजावून सांगितलं. गवताला गाल टेकवून पाहिलं की पुढे बदकांचे पाय येतात, मागे एकसारख्या घरांची रांग दिसते आणि ती घरं थडग्यांसारखी वाटतात. ते सिनेमाचे दिग्दर्शक होते.

बाबा तेव्हा येऊन महिना झाला असेल. आई गेल्यानंतरच्या वर्षी मी त्यांना हट्टाने सहा महिन्यांसाठी इकडे न्यू जर्सीला बोलावून घेतलं होतं. सकाळी मी आणि माझा नवरा कामाला गेलो की ते खिडकीशी बसत, दुपारी तळ्याला दोन चकरा मारत आणि संध्याकाळी विचारलेल्या प्रश्नाला तेवढ्यापुरतं उत्तर देत. तासगावला ते हायस्कूलात विज्ञान शिकवायचे. शाळा सुटली की पिशवी उचलून गावोगाव जायचे आणि भोंदू बुवांचे चमत्कार लोकांसमोर करून दाखवायचे. जास्वंदीचं फूल चोळून सुकवलेल्या सुरीने लिंबू कापलं की त्यातून रक्त कसं येतं, पाणी शिंपडल्यावर नारळ कसा पेटतो, असलं सगळं. आई बरोबर जायची. नारळ-लिंबाची पिशवी तिच्याकडे असायची, आणि प्रयोग फसला तर बायकांना बोलण्यात गुंतवून ठेवायचं कामही तिचंच. ती गेल्यावर त्यांनी ती पिशवी शाळेला देऊन टाकली.

चहा पिताना दोघांची गाडी रुळावर आली ती कशी, हे मला अजून नीट सांगता येत नाही. बाबांचं इंग्रजी व्याकरणाच्या पुस्तकातलं, पूर्णविरामासकट. पाहुण्यांच्या इंग्रजीत क्रियापदं जवळजवळ नव्हतीच. पण बाबा शिक्षक होते हे कळल्यावर त्यांनी उठून बाबांचा हात हातात घेतला आणि त्यांना 'प्रोफेसोर' म्हणायला सुरुवात केली. त्यांच्याकडे शाळामास्तरांनाही तसंच म्हणतात. मला ते 'फिल्या' म्हणू लागले, म्हणजे मुलगी. मी आपली डायरेक्टरकाका म्हणायला लागले, आणि तेच पुढे रुळलं.

त्यांना न्यायला मुलगी आली. माझ्याच वयाची, दमलेली, कामावरचा निळा पोशाख अंगात तसाच. स्वयंपाकघरात कप विसळायला मदत करताना ती हळूच म्हणाली की वडिलांनी कसले सिनेमे केले ते विचारू नकोस, विचारलंस तर ते दाखवतील. हे ती हसत म्हणाली, पण सगळं हसण्यावारी नव्हतं. नंतर ओळख वाढल्यावर तिने सांगितलं की ती नन्सच्या शाळेत होती. शाळेच्या वाटेवर भिंतींवर वडिलांच्या सिनेमांची पोस्टरं लागायची. एका बाजूला शवपेटी, दुसऱ्या बाजूला अर्ध्या कपड्यातली बाई आणि खाली ठळक अक्षरांत तिचं स्वतःचं आडनाव. ती रस्ता ओलांडून पलीकडच्या फूटपाथने जायची.

मी अर्थातच विचारलं. त्याआधी बॉस्टनला कॉलेजात असलेल्या माझ्या मुलीने इंटरनेटवर शोधाशोध करून ठेवली होती. तिचा रात्री मेसेज आला, "आई, ही इज अ लेजंड. मला ऑटोग्राफ हवाय, प्लीज." असल्या जुन्या, स्वस्तात काढलेल्या, विचित्र सिनेमांना वाहिलेले लोक जगभर असतात, हे मला तोवर माहीत नव्हतं. डायरेक्टरकाकांचा एक भुताचा सिनेमा इथल्याच एका छोट्या कंपनीने साफ करून डिस्कवर काढला होता. बरोबर जाड पुस्तिका होती, त्यात प्राध्यापकांचे लेख. मी डिस्क मागवली आणि एका पावसाळी रविवारी दुपारी आम्ही सगळे बघायला बसलो. त्यांची मुलगी आली नाही.

सिनेमा कृष्णधवल होता. रेल्वेतल्या एका कारकुनाला त्याचा साहेब छळून छळून मारतो आणि कारकून भूत होऊन स्टेशनात परत येतो. शवपेटीचं झाकण प्लायवुडचं होतं हे स्वच्छ दिसत होतं. प्लॅटफॉर्मवर धुकं पसरलं तेव्हा पडद्याच्या कडेला एका माणसाचं कोपर दिसलं. तो मधमाश्या पाळणाऱ्यांचा धुराचा डबा दाबत होता. आणि भूत बोलता बोलता मध्येच खोकायचं. साहेबाला भारदस्त आवाजात शाप देतंय आणि ऐन वाक्यात ठसका. तिसऱ्यांदा खोकलं तेव्हा बाबांनी डिस्क थांबवायला लावली आणि भुताला दमा कसा, असं विचारलं.

काकांनी सांगितलं की तो काळ लष्करी राजवटीचा. सिनेमा आधी सेन्सॉरकडे जायचा. सेन्सॉरने भुताच्या तोंडची काही वाक्यं उडवली, कारण स्टेशनवरचा साहेब त्यांना सरकारसारखा वाटला. पुन्हा चित्रण करायला फिल्म शिल्लक नव्हती. जी होती तीही मोठ्या कंपन्यांच्या रिळांची उरलेली टोकं जोडून केलेली. पडद्यावर ओठ तर हलत होते. त्यांच्याकडे सगळे आवाज नंतर स्टुडिओत भरायचे, म्हणून जिथे शब्द गेले तिथे त्यांनी खोकला भरला.

"आणि लोकांना कळलं," काका म्हणाले. "भूत खोकलं की समजायचं, इथे जनरलला शिवी होती. लहान गावांत थिएटरभर सगळे बरोबर खोकायचे."

डिस्कबरोबरच्या पुस्तिकेत त्या खोकल्यावर एक अख्खा लेख होता. मरण आणि श्वास यांचं नातं वगैरे. काकांनी तो मुलीकडून वाचून घेतला होता आणि त्यांना फार आवडला होता. लेखकाला खरं कारण त्यांनी कळवलेलं नव्हतं.

बाबा हसायला लागले. आधी नुसतेच खांदे हलले, मग चष्मा काढावा लागला. मी शेंगांची टरफलं गोळा करत होते ती तशीच हातात धरून उभी राहिले. हसून झाल्यावर त्यांनी काकांना आणीबाणी सांगितली. सकाळी पेपर आला तर अग्रलेखाची जागा कोरी होती, आणि शिक्षकांच्या खोलीत सगळे ती कोरी जागा वाचत बसले. हे इंग्रजीत सांगताना ते अडखळले, पण काकांना पूर्ण व्हायच्या आत कळलं. त्यांनी बाबांच्या गुडघ्यावर थाप मारली.

त्यानंतर रोज दुपारी दोघं एकत्र बसू लागले, कधी आमच्याकडे, कधी त्यांच्याकडे. रात्री जेवताना बाबा मला ऐकलेलं सगळं सांगायचे. साओ पाउलोच्या मोठ्या रेल्वे स्टेशनजवळ एक बदनाम वस्ती होती, तिचं नावच 'कचऱ्याचं तोंड'. सिनेमाचे डबे आगगाडीने राज्यभर जायचे, म्हणून वाटप करणाऱ्यांची ऑफिसं तिथेच आली, आणि त्यांच्यामागून सिनेमा काढणारेही आले. सकाळी एखाद्या बारमध्ये कॉफी पीत उभं राहिलं की कॅमेरामन, नट, दिवे लावणारा सगळे तिथेच भेटत आणि दुपारपर्यंत शूटिंग सुरू होई. परदेशी सिनेमांबरोबर वर्षातले काही दिवस देशी सिनेमा दाखवलाच पाहिजे असा थिएटरांना कायदा होता. मग थिएटरवालेच पैसे घालून स्वस्तातले सिनेमे काढून घ्यायचे. नाव चावट ठेवायचं, पोस्टर त्याहून चावट, आणि आत बघावं तर नवरा-बायकोची भांडणं.

"आपल्याकडेही तेव्हा हेच चाललं होतं की," बाबा म्हणाले. दुहेरी अर्थाचे मराठी सिनेमे लागले की वर्गातली अर्धी मुलं दांडी मारायची आणि बाबा थिएटरच्या दारात उभं राहून त्यांना पकडायचे. स्वतः आत कधी गेले नाहीत. हे सांगताना त्यांच्या आवाजात थोडी हळहळ होती, असं मला वाटलं.

मग ब्राझीलमधले जनरल गेले, पण घरोघरी व्हिडिओ कॅसेटी आल्या. परदेशातून खरोखरचे उघडे सिनेमे आले, त्यांच्यापुढे यांचा चावटपणा बाळबोध ठरला. थिएटरांची कुठे पार्किंग झाली, कुठे चर्च झाली. काकांनी काही वर्षं टॅक्सी चालवली. कडवटपणा त्यांच्या बोलण्यात कधी दिसला नाही. टॅक्सीत बसलेल्या माणसांच्या चेहऱ्यांचं मात्र ते फार बारीक वर्णन करत.

असंच एकदा चहा चालू असताना त्यांनी जाहीर केलं की ते एक छोटा सिनेमा काढणार आहेत, इथेच, या कॉम्प्लेक्समध्ये. गोष्ट साधी होती. एक म्हातारा मरतो आणि भूत होऊन आपलं घर शोधत परत येतो. पण जुनी घरं पाडून तिथे टाऊनहाउसं झालेली असतात आणि सगळी सारखी दिसतात. तो एकेक दार वाजवत फिरतो, पण या देशात न कळवता आलेल्याला कोणी दार उघडत नाही. एवढं सांगून काकांनी बाबांकडे पाहिलं. बाबा उंच, सडपातळ, लांब चेहऱ्याचे. काय विचारलं जातंय ते मला आणि बाबांना एकदमच कळलं.

बाबांनी कप खाली ठेवला आणि स्पष्ट नाही म्हणाले. आयुष्यभर आपण भूत नसतं हे सांगत गावोगाव हिंडलो, लोकांनी दगड मारले तरी सांगितलं, आता म्हातारपणी भूत होणार नाही. ते चिडलेले नव्हते, पण आवाज वर्गातला होता.

काकांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "प्रोफेसोर, मीसुद्धा भूत मानत नाही. मानत असतो तर करायला घाबरलो असतो."

पुढचे काही दिवस तो विषय कोणीच काढला नाही. मग एका सकाळी मी डबा भरत असताना बाबांनी सहज विचारल्यासारखं विचारलं, आपल्या घरात पांढरं धोतर आहे का? त्यांनी भारतातून पँटीच आणल्या होत्या. माझ्या नवऱ्याचं सत्यनारायणाच्या पूजेचं धोतर कपाटात होतं, ते काढून दिलं. बाबांनी ते उजेडात धरून पाहिलं आणि म्हणाले, "फार पांढरं आहे. चहाच्या पाण्यात बुडवायला पाहिजे."

शूटिंग रविवारी करायचं ठरलं. कॅमेरा म्हणजे काकांच्या मुलीचा फोन. काकांचा हात थरथरायचा, म्हणून फोन तिनेच धरायचा होता. आधी ती नाही म्हणाली होती. मग म्हणाली की फोन माझा आहे तर मीच धरते, पडला तर मलाच नवा घ्यावा लागेल. मी आवाज, दिवे, चहा आणि धोतराच्या निऱ्या बघत होते.

रात्रीचे प्रसंग भर दुपारी घ्यायचे होते. काकांनी खिशातून काळा गॉगल काढला आणि त्याची एक काच फोनपुढे धरायला लावली. मी फोनमध्ये पाहिलं तर कडक ऊन चांदण्यासारखं झालं होतं आणि तळं काळंशार. काका म्हणाले की दुपारची रात्र करायची ही युक्ती हॉलिवूडवाल्यांकडून आली, म्हणून आमच्याकडे तिला अमेरिकन रात्र म्हणतात. जन्मभर अमेरिकन रात्री केल्या, पण अमेरिकेत आज पहिलीच.

रक्ताचं काम बाबांकडे होतं. काका पूर्वी शेंदरीच्या बियांचा रंग वापरायचे. बाबांनी हातावर हळदीचं पाणी लावून वाळवलं आणि वर खायच्या सोड्याचं पाणी शिंपडलं. त्वचा कुठे कापलेली नाही, काही नाही, आणि हाताच्या रेघांमधून विटकरी लाल रंग आपोआप फुटून आला. काकांनी ते पुन्हा करायला लावलं, मग आणखी एकदा. मुलीला हाक मारून पोर्तुगीजमध्ये भराभरा काहीतरी सांगितलं. तिने मला सांगितलं, "ते म्हणतायत, हा माणूस त्यांना पन्नास वर्षांपूर्वी भेटायला हवा होता."

मग बाबा चहाच्या रंगाचं धोतर नेसून, लाल हात पुढे धरून, दारं वाजवत निघाले. शेजाऱ्यांना आधी सांगावं असं मी दोनदा म्हटलं होतं. काकांचं म्हणणं, सांगितलं तर ते दार उघडतील आणि गोष्टच संपेल. आम्ही तिघं झाडामागून शूट करत होतो. बाबा प्रत्येक दाराची बेल वाजवून सभ्यपणे थांबायचे, वाट बघायचे आणि पुढच्या दाराकडे वळायचे.

आमच्या डोक्यात आलं नव्हतं ते एकच. आता प्रत्येक दारावर बेलचा कॅमेरा असतो. अर्ध्या तासात कॉम्प्लेक्सच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर बाबांचे फोटो फिरायला लागले. मराठी ग्रुपवरच्या एका काकूंनी मला लिहिलं की तुझे वडील रस्ता चुकलेले दिसतायत आणि त्यांना लागलंय, मी गरम दूध घेऊन येते. तेवढ्यात पोलिसांची गाडी आली. तरुण ऑफिसर उतरला, त्याने बाबांच्या हाताकडे पाहिलं आणि शांतपणे विचारलं की सर, तुम्हाला मदत हवी आहे का. बाबांनी त्याला हळद आणि सोड्याची रासायनिक क्रिया सविस्तर समजावली. तो मन लावून ऐकत होता. शेवटी त्याने हसून आम्हाला शेजाऱ्यांना कळवायला सांगितलं आणि जाताना गाडीच्या खिडकीतून विचारलं की हा सिनेमा कुठे बघायला मिळेल.

मी घरोघरी जाऊन माफी मागितली. काका माझ्याबरोबर आले, पण माफी मागायला नव्हे. त्यांना ती कॅमेऱ्यांची चित्रं हवी होती. वरून घेतलेली, कडेने वाकलेली, करड्या रंगाची, आणि त्यात एक उंच म्हातारा दाराशी उभा राहून आत कोणी आहे का याची चाहूल घेतोय. जवळजवळ सगळ्यांनी ती आनंदाने पाठवून दिली. इतके कॅमेरे मला कोणी कधी दिले नव्हते, काका म्हणाले. सिनेमातली सगळ्यात चांगली दृश्यं तीच झाली.

शेवटचा प्रसंग आमच्या स्वयंपाकघरात होता. भुताला अखेर एक दार उघडं सापडतं. ते आत येऊन टेबलाशी बसतं आणि आपल्या बायकोची वाट बघतं. तेवढंच. बाबांनी विचारलं की मी नक्की काय करायचं. रडायचं असेल तर मला जमणार नाही.

काका खुर्ची ओढून त्यांच्यासमोर बसले. "रडायचं नाही. ती उशीर करते आहे. नेहमी करते. तुम्हाला थोडा राग आला आहे."

मुलीने फोन धरला. बाबा आत आले, बसले. दाराकडे पाहिलं, मग भिंतीवरच्या घड्याळाकडे, मग पुन्हा दाराकडे. टेबलावर मी सजावटीला ठेवलेली चहाची किटली आणि एक कपबशी होती. बाबांनी चहा ओतला. घोटभर प्यायले. मग कपातला निम्मा चहा बशीत ओतला आणि बशी हळूच टेबलाच्या पलीकडच्या बाजूला सरकवून ठेवली.

हे त्यांना कोणी सांगितलेलं नव्हतं. आई नेहमी त्यांच्याच कपातला चहा बशीत घ्यायची. मला वेगळा नको, असं म्हणायची आणि मग निम्मा प्यायची. बाबा त्यावर रोज कुरकुरायचे. मी ओट्याला टेकून उभी होते आणि माझ्या तोंडून आवाज निघू नये म्हणून पदराऐवजी हातातलं फडकं तोंडाशी धरलं होतं. काकांनी 'कट' म्हटलं नाही. त्यांची मुलगी फोन धरून तशीच उभी, डोळ्यांतून पाणी वाहतंय आणि हात मात्र अजिबात हलत नाही. चहावरची वाफ थांबेपर्यंत बाबा बसून राहिले. मग स्वतःच उठले आणि मला म्हणाले, "झालं असेल तर हे धोतर सोडतो. टोचतंय."

त्या दिवशी काका घरी गेल्यावर त्यांची मुलगी मागे थांबली. म्हणाली की वडिलांना काम करताना मी कधी पाहिलंच नव्हतं. पोस्टरं तेवढी पाहिली.

आवाज भरायचं काम माझ्या कपड्यांच्या कपाटात झालं. कोट आणि साड्यांमुळे तिथे प्रतिध्वनी येत नाही. काकांनी बाबांना सांगितलं की भूत आपल्या भाषेत बोलेल, लोकांना कळलं नाही तरी चालेल, आवाज घाबरवणारा हवा. काय बोलायचं ते ठरलेलं नव्हतं. बाबांनी घसा साफ केला आणि साड्यांमध्ये उभं राहून, गंभीर, खोल आवाजात आवर्तसारणी म्हणायला सुरुवात केली. हायड्रोजन, हेलियम, लिथियम. काका डोळे मिटून ऐकत होते आणि त्यांच्या अंगावर खरंच काटा आला. शेवटच्या प्रसंगासाठी मात्र बाबा रोजच्या आवाजात एकच वाक्य बोलले.

"आज साखर कमी पडली गं."

काकांनी मला अर्थ विचारला. मी सांगितला. त्यांनी मान हलवली आणि भाषांतराची ओळ खाली टाकू नकोस म्हणाले.

नेवार्कमधल्या ब्राझिलियन वस्तीत एका क्लबचा हॉल आहे. तिथे रविवारी दुपारी काकांचा जुना भुताचा सिनेमा आणि त्यानंतर हा नवा छोटा, असं दोन्ही दाखवायचं ठरलं. आम्हाला वाटलं होतं, ओळखीचे वीस-तीस लोक येतील. हॉल भरला. ब्राझिलियन कुटुंबं तर होतीच, पण लांबून गाडी चालवत आलेले अमेरिकन तरुणही होते. अंगात काळे टीशर्ट आणि टीशर्टवर काकांच्या भुताचा चेहरा. माझी मुलगी बॉस्टनहून बसने आली. मराठी ग्रुपमधल्या त्या काकूही आल्या होत्या, चिवड्याचा डबा घेऊन. जुन्या सिनेमात भूत पहिल्यांदा खोकलं आणि मागच्या रांगेतले सगळे म्हातारे ब्राझिलियन एकदम खोकले. टीशर्टवाली मुलं वळून बघत राहिली. मग त्यांनाही उमगलं असावं. पुढच्या वेळी सगळा हॉल खोकला. काका माझ्या शेजारी बसले होते. त्यांनी हनुवटी छातीला टेकवली आणि बराच वेळ वर काढली नाही.

बाबांचा सिनेमा जेमतेम दहा-बारा मिनिटांचा. दारांच्या प्रसंगांना लोक खळखळून हसले, आवर्तसारणीला शांत झाले आणि बशी सरकली तेव्हा हॉलमध्ये कोणी कुजबुजलंही नाही. भाषा तर आमच्या चार-पाच जणांशिवाय कोणाला येत नव्हती. संपल्यावर लोक उभे राहिले. काकांच्या मुलीला कोणीतरी पुढे बोलावलं, कॅमेरा तिचा म्हणून. ती वडिलांचा हात धरून स्टेजवर गेली आणि माइकवर वडिलांचं पूर्ण नाव सांगून म्हणाली की मी यांची मुलगी. एवढंच बोलली. आता त्यांच्या बैठकीच्या खोलीत ते शवपेटीवालं पोस्टर फ्रेम करून लावलेलं आहे. चर्चमधल्या बायका आल्या की ती त्यांना त्याच्यासमोरच बसवते.

बाबांकडेही सह्या घ्यायला रांग लागली. ते प्रत्येकाला आधी नाव विचारत आणि मग मोडी वळणाच्या मराठीत सही करत. एका मुलाने विचारलं की तुम्ही भारतात अशा किती फिल्म्स केल्या? बाबा म्हणाले की प्रयोग पुष्कळ केले, फिल्म ही पहिलीच. परतताना गाडीत मागच्या सीटवर दोघं शेजारी बसले होते. मला वाटलं, आता भारावून काही बोलतील. पण पूर्ण रस्ताभर त्यांचा एकाच गोष्टीवरून वाद चालला होता. तिसऱ्या दाराशी बाबा जरा लवकर वळले, असं काकांचं म्हणणं. बाबांचं म्हणणं, बेल दोनदा वाजवली तरी कोणी येत नाही म्हटल्यावर सभ्य भूत थांबणार किती?

ऑक्टोबरच्या शेवटी बाबा परत गेले. मी आणखी राहायचा आग्रह केला नाही, कारण त्यांना तासगावला जायचं होतं आणि हे ते नीट, पुरी वाक्यं वापरून सांगत होते. विमानतळावर काका आले होते, मुलीने कितीही सांगितलं तरी सपाता घालूनच.

आता दर रविवारी आमच्या सकाळी आणि बाबांच्या संध्याकाळी व्हिडिओ कॉल असतो. काका आमच्याकडे येतात, कारण त्यांच्या फोनवर त्यांचा भरवसा नाही. मी टॅब्लेट टेबलावर उभा करून देते. ते एकमेकांना काय खाल्लं ते दाखवतात. बाबांना 'फेजाँव' म्हणजे राजम्यासारखी उसळ हे पाठ झालं आहे, काकांना 'भाकरी'. नव्या गोष्टीचं काहीतरी शिजतंय, त्यात एक अर्धं भूत तासगावात आणि अर्धं न्यू जर्सीत आहे, आणि ते कसं जमवायचं यावर चर्चा पुढे सरकत नाही. मध्येच तिकडची वीज जाते आणि बाबांचा चेहरा बोलता बोलता पडद्यावर थिजतो. काका मला हाक मारतात, "फिल्या, प्रोफेसोर कुठे गेला?" मी सांगते, लाइट गेली आहे, येईल. ते बरं म्हणतात, हातातला कप तसाच धरतात आणि पडद्यासमोरून हलत नाहीत.